ओसाकात पायी पायी: आजी, नातवंडं आणि शिनसेकाई ते दोतोनबोरी

जपानला लहान मुलं आणि घरातली मोठी माणसं दोन्ही घेऊन जायचं असेल तर माझं ऐका, ओसाकात एक दुपार आणि पुढची संध्याकाळ पूर्ण मोकळी ठेवा आणि गाइडबरोबर पायी फिरा. क्योतोची देवळं बघायचीच, तोक्यो पण बघायचं, पण आमच्याकडची पाच वर्षांची धाकटी, नऊ वर्षांचा मोठा आणि सत्तरीतल्या सासूबाई अशा तिघांनाही एकाच वेळी मजा आली ती ओसाकाच्या दक्षिण भागातल्या या गजबजलेल्या गल्ल्यांमध्ये. आणि त्याचं मोठं श्रेय आमच्या गाइडताईंना. ओसाकातच वाढलेल्या, इंग्रजी चांगलं, आणि मुख्य म्हणजे भेटल्या भेटल्या त्यांनी आधी आईंच्या, म्हणजे सासूबाईंच्या, गुडघ्यांची चौकशी केली, मुलांना भूक कधी लागते ते विचारलं, कोण काय खात नाही ते लिहून घेतलं आणि मग रस्ता ठरवला. आम्ही घरचेच पाच जण होतो, त्यामुळे कुणासाठी थांबायला संकोच नाही.

सुरुवात शिनसेकाईपासून. एबिसुचो स्टेशनातून बाहेर आलं की समोर रस्त्याच्या टोकाला त्सुतेनकाकू टॉवर दिसतो. १९१२ साली हा सगळा भाग नव्या जमान्याची करमणूक म्हणून वसवला, तेव्हाचा टॉवर पॅरिसचा आयफेल टॉवर डोळ्यासमोर ठेवून बांधला होता, तो १९४३ च्या आगीनंतर उतरवून त्याचं लोखंड युद्धाच्या कामासाठी दिलं गेलं. आत्ताचा १९५६ चा, तो व्हावा म्हणून इथल्याच लोकांनी पुढाकार घेतला. मुलांना यातलं काही लक्षात राहणार नाही हे ताईंना माहीत होतं, म्हणून त्यांनी मुलांना टॉवरच्या टोकावरच्या दिव्यांचं सांगितलं. रात्री त्या दिव्यांच्या रंगावरून उद्याचं हवामान कळतं, पांढरा म्हणजे ऊन, केशरी म्हणजे ढगाळ, निळा म्हणजे पाऊस. थोरल्याने ते तोंडपाठ केलं आणि पुढे ओसाकात असेपर्यंत रोज रात्री हॉटेलच्या खिडकीतून टॉवर दिसतोय का ते शोधत होता. टॉवरवर घसरगुंडी पण आहे, पण वयाची आणि उंचीची अट आहे, ती आधी बघून घ्या, नाहीतर तिथे रडारड.

इथे जिकडेतिकडे बिलिकेन बसलेला दिसतो, टोकदार डोक्याचा, मिचमिच्या डोळ्यांचा, पाय पुढे पसरलेला. हा मूळचा जपानी नाहीच, १९०८ साली अमेरिकेतल्या एका बाईंनी तयार केलेली ही बाहुली, इथे आली आणि ओसाकाने तिला आपलंसं केलं. त्याचे तळवे घासले की इच्छा पूर्ण होते म्हणतात, आणि इतक्या लोकांनी घासलेत की एका दुकानाबाहेरच्या मूर्तीच्या तळव्यांना चक्क खळगे पडलेत. धाकटीने दोन्ही हातांनी दोन्ही पाय घासले. काय मागितलं ते अजून सांगितलेलं नाही.

तिथून जानजान योकोचो नावाच्या छपराखालच्या अरुंद गल्लीत गेलो. या गल्लीत शोगीचा, म्हणजे जपानी बुद्धिबळाचा, क्लब आहे आणि त्याला रस्त्याच्या बाजूने मोठ्या काचा आहेत, येणारेजाणारे बाहेर उभे राहून डाव बघतात. मोठा आपला काचेला नाक लावून उभा. आत एक आजोबा, समोर बहुतेक त्यांच्याच वयाचे दुसरे, मधे पट, सोंगट्या चपट्या पाचकोनी आणि दोन्ही बाजूंच्या एकाच रंगाच्या. मग ओळखायचं कसं कुणाची कुठली, असं त्याने विचारलं. ताई म्हणाल्या, टोक ज्याच्याकडे रोखलेलं तो शत्रू, आणि मारलेली सोंगटी आपल्याकडून परत खेळवता येते. हे ऐकल्यावर तो हलेचना, आणि ताईंनी घाई केली नाही. आई शेजारच्या दुकानातल्या बाकावर टेकल्या. मला तरी असं वाटतं की मुलांबरोबरच्या टूरमध्ये हेच सगळ्यात महत्त्वाचं, मूल जिथे रमलंय तिथे थांबता आलं पाहिजे, मग पुढचं एखादं ठिकाण राहिलं तरी चालेल.

खाणं इथलं म्हणजे कुशिकात्सु. काडीला लावून तळलेलं काहीही, मांस, मासे, कमळकाकडी, रताळं, कांदा. सॉसच्या सामायिक भांड्यात काडी एकदाच बुडवायची, उष्टी परत बुडवायची नाही, हा इथला कडक नियम दुकानांच्या भिंतींवर लिहिलेला असतो, आणि सॉस कमी पडला तर कोबीच्या पानाने उचलून घ्यायचा. कोविडनंतर बऱ्याच दुकानांनी भांडी काढून बाटल्या ठेवल्यात. शाकाहारी लोकांनी मात्र नीट ऐका, भाजीची काडी असली तरी पिठात अंडं असू शकतं आणि तेल बहुतेक वेळा एकच. ताईंनी हे आईंना आधीच स्पष्ट सांगितलं, त्यामुळे आईंनी तिथे नुसता कोबी खाल्ला, आणि कुणी आग्रह केला नाही. असंच सुपांचं आणि सॉसचं, माशाचा अर्क असलेला दाशी जपानी स्वयंपाकात जवळजवळ सगळीकडे असतो, तो वरून दिसत नाही. म्हणूनच म्हणते, घरात कुणी कडक शाकाहारी असेल तर स्थानिक गाइडचे पैसे इथेच वसूल होतात.

मग मेट्रोने एकच स्टेशन, निप्पोनबाशी. सहा वर्षांखालच्या मुलांना मोठ्यांबरोबर तिकीट लागत नाही आणि सहा ते अकरा अर्धं. उतरल्यावर कुरोमोन मार्केट, वर छप्पर, दोन्ही बाजूंना मासळी, खेकडे, फळं, लोणची. आता इथे टुरिस्ट खूप आणि भावही तसेच, हे खरं आहे, पण स्ट्रॉबेरीचा सीझन होता आणि आईंना इचिगो दाइफुकु मिळालं, तांदळाच्या मऊ पारीत गोड लाल चवळीसारख्या बियांचं पुरण आणि आत अख्खी स्ट्रॉबेरी. आईंनी एक खाल्लं आणि न बोलता दुसरं मागितलं. चालता चालता खाऊ नका, दुकानाशीच उभं राहून संपवा आणि कचरा तिथेच द्या, रस्त्यावर कचरापेट्या जवळपास नसतातच.

पुढे दोगुयासुजी, हॉटेलवाल्यांची भांडीकुंडी विकणारी गल्ली. कंदील, पडदे, सुऱ्या, आणि शोकेसमध्ये ठेवायचे प्लास्टिकचे खोटे पदार्थ इतके खरे की धाकटीने खोट्या आइस्क्रीमला बोट लावून बघितलं. आई मात्र ताकोयाकी नावाच्या गोल गोळ्यांच्या तव्यांपुढे थांबल्या. "अगं, हे तर आपलं आप्पेपात्र!" खरंच तेच, फक्त वाट्या जास्त आणि जवळजवळ. ताईंना हातवारे करून त्यांनी आप्पे समजावून सांगितले, ताईंनी टोचणीने गोळा कसा फिरवायचा ते हवेतच दाखवलं, आणि दोघी हसत सुटल्या. भाषा एकमेकींना येत नसताना सगळ्यात लांबलेलं संभाषण त्या दिवशी हेच होतं. ताकोयाकीत ऑक्टोपस असतो, ओसाकात १९३५ पासून असं खातात, ते आम्ही चौघांनी पुढे खाल्लं. आत अंगारासारखं गरम असतं, मुलांना देताना आधी फोडा.

अंधार पडायच्या जरा आधी होझेनजी योकोचोत शिरलो. माझ्यासाठी अख्ख्या टूरमधली ही जागा. झगमगाटापासून मिनिटभराच्या अंतरावर दगडी फरशीची अगदी चिंचोळी गल्ली आणि आत छोटंसं देऊळ. १९४५ च्या बॉम्बहल्ल्यात देऊळ जळालं, फुदोची मूर्ती राहिली. फुदो म्हणजे आपल्याकडून चीनमार्गे तिकडे गेलेला अचल नावाचा बौद्ध देव. लोक त्याच्यावर पाणी घालून मागणं मागतात, आणि पाणी घालून घालून मूर्तीवर हिरवंगार जाड शेवाळ चढलंय, नाकडोळे काही दिसत नाहीत. धाकटीने विचारलं, "आजी, देवाला थंडी नाही वाजत?" आजी म्हणाली, "शाल आहे की अंगावर." मग दोघींनी मिळून लाकडी पळीने पाणी घातलं आणि आईंनी हात जोडले.

ताईंनी तिथे जे सांगितलं ते मी विसरणार नाही. २००२ आणि २००३ मध्ये या गल्लीत आगी लागल्या, दुकानं जळाली. नव्याने बांधायचं तर कायद्याप्रमाणे रस्ता रुंद करावा लागणार होता. पण रुंद केली तर ही गल्ली राहणारच नाही म्हणून लोकांनी सह्यांची मोहीम काढली, आणि आगीपासून बचावाची जास्तीची काळजी घेऊन, इमारतींचा एकत्र विचार करून गल्ली अरुंदच ठेवायची परवानगी मिळवली. म्हणजे आज जी जुनी वाटते ती गल्ली लोकांनी हट्टाने तशी ठेवलीय. आपल्याकडचे वाडे, बोळ, पेठा पाडताना रुंदीकरणाशिवाय मार्गच नाही असं जेव्हा कुणी म्हणतं, तेव्हा मला आता ही गल्ली आठवते.

शेवट दोतोनबोरी. १६१२ मध्ये दोतोन नावाच्या माणसाने हा कालवा खणायला घेतला, तो ओसाकाच्या लढाईत मारला गेला, त्याच्या नातेवाइकांनी १६१५ मध्ये काम पुरं केलं, आणि कालव्याला त्याचं नाव मिळालं. पुढे काठावर नाट्यगृहं आली, नाटकाला आलेल्यांसाठी खानावळी आल्या, आणि आज इथे दिसतात त्या जाहिराती, एका खानावळीवरचा पाय हलवणारा अवाढव्य खेकडा आणि ग्लिको या खाऊच्या कंपनीचा हात वर केलेला धावपटू. हा धावपटू १९३५ पासून इथे आहे, आत्ताचा सहावा, २०१४ पासून एलईडीचा. एबिसुबाशी पुलावर सगळं जग त्याच्यासारखं हात वर करून एका पायावर उभं असतं, आमची मुलंही उभी राहिली, आणि आईंनी पाय न उचलता नुसते हात वर केले.

पाय दुखायला लागले असतील तर इथून वीस मिनिटांची बोट आहे, मुलांना फार आवडते. खाली पाण्याच्या कडेने चालायला वेगळा रस्ता केलाय, तो पुलावरच्या गर्दीपेक्षा म्हाताऱ्या माणसांना बरा. आणि बुकिंग करताना तीन गोष्टी आधी लिहून विचारा, वाटेत टॉयलेट कुठे कुठे आहेत, बसायला जागा कुठे आहे, आणि मध्येच टूर सोडून टॅक्सी करता येईल का. आमच्या गाइडताईंकडे तिन्हींची उत्तरं तयार होती. शनिवार-रविवार संध्याकाळी पुलावर मुलांचा हात सोडता येत नाही इतकी गर्दी होते, शक्यतो मधल्या वारी जा.