सात आणि सत्तावीस

गुरुवार होता, म्हणजे लाइट जाणारच होते. ते आले आणि कात्रजच्या आप्पांचा फोन आला. "साहेब, अलाइनमेंटचं सॉफ्टवेअर 'की नाही' म्हणतंय. इनोव्हा रॅम्पवर आहे, चारी चाकांना क्लॅम्प लावलेत, गिऱ्हाईक दुसऱ्या चहावर आलंय."

ही की म्हणजे यूएसबी डोंगल. लायसन्स त्याच्या पोटात. तो दिसला नाही तर टो-कॅम्बर, म्हणजे चाकांचे कोन, राहिले बाजूला, सॉफ्टवेअर उघडतच नाही.

"एरर किती नंबरची?"

"सात."

"डोंगलचा दिवा?"

"बंद."

सरळ मामला. सात म्हणजे की सापडत नाही, आणि दिवाच नाही म्हणजे डोंगलपर्यंत वीज पोचत नाही. "हबमधून काढा, सीपीयूच्या मागे थेट लावा." थोडी खुडबुड. "लागला. लाल."

इथे फोन ठेवायचा होता. पण मी म्हटलं, आत येऊन एकदा बघतो, आणि कोथरूडमधून रिमोट डेस्कटॉपने शिरलो. सॉफ्टवेअर उघडलं. एरर! मग काय, डोंगल उपटायला लावला, ड्रायव्हर काढून नवा टाकला, डोंगल परत लावला. लायसन्सची सर्व्हिस रीस्टार्ट केली. अँटिव्हायरसची समजूत काढली. ब्राउझरमध्ये लोकलहोस्टचं 1947 पोर्ट, म्हणजे त्या सर्व्हिसचं पान, उघडलं, तर यादीत डोंगल ऐटीत बसलेला. तरी एरर. पाऊण तास गेला.

"साहेब, रागावू नका," आप्पा म्हणाले, "पण मघाशी तुमची लाइन तुटली ना, तेव्हा चालू झालं होतं. तुम्ही आत आलात की माझा स्क्रीन लॉक होतो, अन् मग ते रुसतं."

योगायोग असेल, असं मी म्हणालोसुद्धा. मग पहिल्यांदाच एररचा नंबर नीट वाचला. सात नव्हे, सत्तावीस.

सत्तावीस म्हणजे रिमोट सेशन सापडलं. एका लायसन्सवर लांबून चार जणांनी काम उरकू नये म्हणून असे डोंगल रिमोट डेस्कटॉप ओळखून दार लावून घेतात. एनीडेस्कसारखं ॲप समोरचाच स्क्रीन दाखवतं, तिथे ही भानगड नसते. हे मला ठाऊक होतं. आप्पांच्या मशीनवर रिमोट डेस्कटॉप गेल्या महिन्यात मीच चालू करून दिला होता, पैसे घेऊन.

बाहेर पडलो. दोन मिनिटांत फोन. "चाललं. पुढचं डावं चाक बरंच आत होतं. तुमचे किती झाले?"

"या वेळचे राहू द्या, आप्पा."

"बरं. मग गिऱ्हाइकाच्या चहाचे तेवढे पाठवा. चार झाले."