पगारपत्रकावर सहा दिवस

रोमच्या तेर्मिनी स्टेशनवरून दक्षिणेकडची लोकल पकडली की पाऊण तासाच्या आत लातीना येतं. सगळा मुलूख सपाट. एकेकाळी इथे नुसती दलदल होती आणि मलेरियाचं राज्य. १९३० च्या दशकात मुसोलिनीच्या राजवटीत ती उपसून कोरडी केली, चौकोनी शेतं आखली, नवी गावं वसवली. आज इथे किवी पिकतो, झुकिनी, मुळे, कलिंगडं, सॅलडचा पाला पिकतो. रोमच्या बाजारात मी घेते त्यातली बरीच भाजी इथली असते, आणि ती काढणारे हात बहुतेक पंजाबी असतात. पहाटे रस्त्याच्या कडेने सायकलींची रांग दिसते. डोक्यावर पगड्या, अंगात दिव्याच्या उजेडात चमकणारी पिवळी जाकिटं. शेजारून ट्रक सुसाट जात असतात.

या मजुरांना कामावर लावणारा जो मधला माणूस असतो, त्याला इथे कापोराले म्हणतात. बीड-केजच्या वाचकांना तो वेगळा समजावून सांगायला नको, मुकादमच तो. गाडी त्याची, हजेरी त्याच्याकडे, मजुरीतून कापून घेणाराही तोच. आपल्याकडे ऊसतोडीला निघालेलं जोडपं आधी उचल घेतं आणि मग हंगामभर कोयता चालवून ती फेडतं. इथे उचल उलटी फिरते. मजूरच आधी लाखांनी पैसे भरतो, जमीन गहाण टाकून किंवा सावकाराकडून आणून, आणि मग ते फेडायला राबतो. अडकणं मात्र तेच.

जुलै २०२४ मध्ये उत्तरेतल्या वेरोना भागात पोलिसांनी ३३ भारतीय शेतमजुरांची सुटका केली. प्रत्येकाकडून १७ हजार युरो ठरवले होते, म्हणजे सुमारे १५ लाख रुपये. पासपोर्ट काढून घेतलेले. तासाला ४ युरो, दिवसाचे दहा-बारा तास, आठवड्याचे सातही दिवस. जरा हिशेब करून बघा. या दराने १७ हजार फेडायला ४,२५० तास लागतात. रोज दहा तास धरले, एक दिवस सुट्टी घेतली नाही आणि पोटात अन्नाचा कणही घातला नाही, तरी चौदा महिने. शिवाय कायमच्या राहण्याच्या परवान्याचं आमिष दाखवून काहींकडे आणखी १३ हजार मागितले होते. ज्यांच्यावर आरोप आहे ते दोघेही भारतीयच. मला याचीच जास्त चीड येते.

कधीमधी रविवारी मी मजूर संघटनेच्या लोकांबरोबर लातीनाकडे जाते. त्यांना हिंदी येत नाही, मजुरांना कागदावरचं इटालियन वाचता येत नाही, म्हणून दुभाषाचं काम माझ्याकडे. गुरुद्वाऱ्यात लंगर झाला की बाहेर टेबल मांडतो आणि लोक आपापले कागद घेऊन येतात. चाळिशीच्या एका माणसाने प्लॅस्टिकच्या पिशवीतून पगारपत्रक काढून माझ्यासमोर ठेवलं. कामाचे दिवस सहा. मग शर्टाच्या खिशातून त्याने एक चुरगळलेली छोटी वही काढली. तीत त्याने स्वतः मांडलेले त्याच महिन्याचे दिवस सव्वीस, प्रत्येक तारखेपुढे गुरुमुखीत तास. बाकीच्या वीस दिवसांचं काय, मी विचारलं.

"कॅश, दीदी. कभी मिलता है, कभी बोलते हैं अगले महीने."

सहाच दिवस का लिहितात, हे मात्र त्याला कोणी सांगितलं नव्हतं. कारण सरळ आहे. जेवढे दिवस कागदावर, तेवढाच विम्याचा आणि पेन्शनचा हप्ता मालकाला भरावा लागतो. इथे शेतमजुराला बेकारीभत्ता मिळायचा तर दोन वर्षांत मिळून १०२ दिवस नोंदलेले लागतात. महिन्याला सहा-सहा दिवस नोंदले तर तिथवर पोचायलाच सतरा महिने लागतात. राहण्याचा परवाना नवा करायचा तर उत्पन्न दाखवावं लागतं. उत्पन्न कागदावर नाही, म्हणून पुन्हा त्याच मालकाच्या दारात उभं राहायचं. माणूस कुलपाशिवाय असा बांधून ठेवता येतो. जगात २ कोटी ७० लाखांहून जास्त माणसं सक्तीच्या श्रमात आहेत असा आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचा २०२२ चा अंदाज आहे. त्यांतल्या कितीजणांच्या खिशात अशी वही असेल, कोण जाणे.

सतनाम सिंग हे नाव तुम्ही बातम्यांत वाचलं असेल. वय ३१. लातीनाजवळच्या शेतावर विनापरवाना, विनाकरार काम करत होता. १७ जून २०२४ ला प्लॅस्टिक गुंडाळण्याच्या यंत्रात सापडून त्याचा हात तुटला, पाय चिरडले. दवाखान्यात न्यायचं सोडून त्याला गाडीत घालून घराबाहेर टाकलं, आणि तुटलेला हात फळांच्या क्रेटमध्ये ठेवला. पुढे हेलिकॉप्टरने त्याला रोमला आणलं. १९ तारखेला तो गेला. वेळेवर उपचार मिळाले असते तर बहुधा वाचला असता, असं तपासात पुढे आलं. मालकाला जुलैमध्ये अटक झाली, खटला उभा राहिला. सतनाम गेला त्या आठवड्यात लातीनात मोर्चे निघाले, पंतप्रधानांपासून सगळ्यांनी निषेध केला.

पण हे सगळं इथे आधीपासून माहीत होतं. मार्को ओमिझोलो हे समाजशास्त्रज्ञ स्वतः या मजुरांत मिसळून शेतावर राबले. पाठीचं आणि गुडघ्यांचं दुखणं दाबायला माणसं अफू आणि वेदनाशामक गोळ्या घेतात, हे त्यांच्या आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या कामातून लोकांसमोर आलं. १८ एप्रिल २०१६ ला हजारो पंजाबी मजूर काम बंद ठेवून लातीनाच्या चौकात जमले. मालकापुढे मान वर करायची नाही हा जिथला शिरस्ता, तिथे हे घडलं. मला तो दिवस फार मोठा वाटतो. त्याच वर्षी कायदा कडक झाला. २०११ पासून फक्त मुकादमाला शिक्षा होती, २०१६ च्या १९९ क्रमांकाच्या कायद्याने अडलेल्या माणसाला पिळणारा मालकही गुन्हेगार ठरला, एक ते सहा वर्षं कैद. त्यामागे एका इटालियन बाईचाही मृत्यू होता. २०१५ च्या जुलैत ती दक्षिण इटलीतल्या पुग्लियात द्राक्षमळ्यात उन्हात काम करताना कोसळली होती.

मग एवढ्या कायद्यानंतर सतनाम का मेला? ज्याच्याकडे परवाना नाही तो पोलिसांत जातच नाही, म्हणून. आणि परवाना का नसतो? "बेकायदा गेला, मग भोगणारच," असं गावाकडे लोक सहज म्हणतात. पण परवाना नसलेल्यांतले पुष्कळजण रीतसर व्हिसावर आलेले असतात. हंगामी मजुरांचा कोटा निघतो, एका ठरावीक मालकाच्या नावाने मंजुरीचा कागद येतो, त्याला नुल्ला ओस्ता म्हणतात. इटलीत उतरल्यावर त्या मालकाने मजुराबरोबरच्या करारावर सही करायची असते. त्याने ती केलीच नाही की परवाना नाही. पैसे एजंटाने आधीच घेतलेले असतात. मजूर पहिल्या महिन्यातच बेकायदा होतो आणि मुकादमाला आयताच सापडतो.

ऑक्टोबर २०२४ च्या वटहुकुमाने एक दार थोडं उघडलं. पिळवणुकीची तक्रार करून तपासाला मदत करणाऱ्याला सहा महिन्यांचा राहण्याचा परवाना मिळू लागला; २०२५ मध्ये ती मुदत एक वर्षाची झाली, पुढे तो वाढवताही येतो. माझ्या मते एक वर्षही तोकडंच आहे. खटले वर्षानुवर्षं चालतात, आणि गावाकडे सावकार दारात उभा असताना वर्षभराच्या भरवशावर कोण तोंड उघडेल? तक्रारीच्या दिवशीच किमान दोन वर्षांचा परवाना आणि दुसऱ्या मालकाकडे काम करायची मोकळीक मिळायला हवी. संघटनेतले लोकही या मागणीवर अडून आहेत.

इटलीत शेतीचं काम, पंधरा लाखांत परमनंट, असं सांगून तुमच्या ओळखीच्या कोणाकडे पैसे मागत असतील तर आधी त्या नुल्ला ओस्तावरच्या मालकाचं नाव विचारा. ती शेती खरंच आहे का, करारावर सही कोण करणार, हे इटलीत राहणाऱ्या कोणाकडून तरी पडताळून घ्या. पासपोर्ट कोणाच्याही हाती ठेवायचा नाही, तास स्वतःच्या वहीत मांडायचे, हे बजावून सांगा. आणि ८०० २९० २९० हा मानवी तस्करीविरोधातला इटलीचा मोफत हेल्पलाइन नंबर त्याच्या फोनमध्ये विमानात बसायच्या आधीच सेव्ह करून द्या.