तुम्ही विचारलंत म्हणून: आपल्याकडे एवढी पुराणं असताना बाहेरच्यांच्या गोष्टी कशाला?

हे मला आत्यापासून इलेक्ट्रिशियनपर्यंत सगळ्यांनी विचारलंय. जगभरच्या सृष्टीकथा मी क्लेचे बाहुले करून स्टॉप मोशनमध्ये करते ना, म्हणजे बाहुला दरवेळी जरासा बदलून एकेक फोटो काढायचा आणि ते जोडून फिल्म करायची, म्हणून. दरवेळी मी नासदीय सूक्त पुढे करते, की अहो ऋग्वेदातच शेवटी म्हटलंय, हे सगळं कुठून आलं ते वरून बघणाऱ्यालाच ठाऊक, किंवा त्यालाही नसेल. मग इतरांनी काय सांगितलंय ते ऐकलं तर बिघडलं कुठे? मनापासून वाटतं मला हे. पण आईला हे उत्तर मी कधी दिलं नाही, आणि सगळ्यात आधी विचारलं होतं तिनेच.

गेल्या एप्रिलमध्ये मी ग्वाटेमालातल्या माया लोकांची, पोपोल वुह या त्यांच्या ग्रंथातली कथा करत होते. देव आधी चिखलाचा माणूस करतात, त्याला मान वळवता येत नाही, पाण्यात तो विरघळतो. मग लाकडाचा, तो घडवणाऱ्यांनाच विसरतो. शेवटी मक्याचा जमतो. चिखलाच्या माणसाचा शॉट २० सेकंदांचा, सेकंदाला १२ पोझ म्हणजे २४०. सदाशिव पेठेतली आमची मागची खोली, उजेड बदलून चित्र लुकलुकू नये म्हणून खिडक्यांना काळा कागद, पंखा बंद, लाइटखाली क्ले मऊ पडत चाललेला. विरघळणं दाखवायला दर पोझला मी त्याला थोडं थोडं खरवडत होते. आठव्या रात्री १९२ पोझ झाल्या होत्या. आई चहा घेऊन आली आणि अंधारात तिचा पाय ट्रायपॉडला लागला.

कॅमेरा केसभर सरकला तरी चित्र उडी मारतं. मागे जाऊन परत करावं तर बाहुला निम्मा संपलेला. मी ओरडले, वाड्यात सगळ्यांना ऐकू जाईल असं. ती एवढंच म्हणाली, "अगं, जेवली नाहीस म्हणून आणला."

आठ दिवस गेले होते माझे, राग यायलाच हवा होता असं मला अजूनही अर्धंमुर्धं वाटतं. पण मला या कथा आवडतात त्या घडवणारा चुकतो म्हणून. पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा लोकांचा देव ओबाताला ताडी पिऊन माणसं घडवतो, काही वेडीवाकडी होतात, शुद्धीवर आल्यावर तो कायमचा त्यांचा पाठीराखा होतो. आपल्याकडे चुकणारे देव नाहीत का? आहेत की, भरपूर आहेत. म्हणजे तुमचा प्रश्न तिथेच राहिला, मान्य.

नवा बाहुला करून शॉट पहिल्यापासून केला, झाला. आई आता उंबऱ्याबाहेरच थांबते, चहा स्टुलावर ठेवते आणि दार वाजवून जाते.