आत्याच्या गाड्या

डेटा उडाला म्हणून माझ्या काउंटरवर येणारी माणसं बहुतेक फोटोंसाठी येतात. लग्नाचे, बारशाचे, एखाद्या गेलेल्या माणसाचे फोटो. बाकी पावसाळ्यात पाण्यात पडलेले फोन, उन्हाळ्यात फुगलेल्या बॅटऱ्या आणि बारमाही फुटलेले डिस्प्ले, असा आमचा धंदा. जळगावच्या गोलाणी मार्केटात मोबाइलची दुकानं इतकी खेटून आहेत की गिऱ्हाईक एकाकडे भाव विचारतं आणि उत्तर तिघं देतात. गेमचा सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याची साठवलेली नोंद, परत आणून द्या, असं म्हणत कुणी आलं ते या आखाजीच्या तोंडावर पहिल्यांदा.

आखाजी म्हणजे अक्षय तृतीया, आमच्याकडे दिवाळीच्या तोलाचा सण. सासरच्या लेकी माहेरी येतात, निंबाला झोके लागतात, आणि बापे माणसं ओट्यावर बसून उघडपणे पत्ते कुटतात. एरवी पत्त्यांवरून ओरडणारी आजीसुद्धा त्या दिवसांत गप्प असते. त्यामुळे दुपारी बाराच्या उन्हात एक आजी, तिची तिशीतली लेक आणि दहा-अकरा वर्षांचा नातू, म्हणजे लेकीचा भाचा, असे तिघं घामाघूम दुकानात शिरले, तेव्हा वाटलं की बाजाराला आलेत आणि जाता जाता टेम्पर्ड ग्लास बसवून घ्यायचीय.

लेकीने पर्समधून रुमालात गुंडाळलेलं यंत्र काढलं. सोनीचं पीएसपी, हातात धरून गेम खेळायचं यंत्र, तीन हजार मॉडेल, काळं. मी हातात घेतलं आणि क्षणभर विसरलोच की समोर गिऱ्हाईक उभं आहे. हे यंत्र जपानात २००४ च्या डिसेंबरात आलं, तीन हजार मॉडेल २००८ मध्ये, आणि २०१४ मध्ये कंपनीने सगळंच गुंडाळलं. आमच्या बाजारात आता ते दिसतं ते भंगाराच्या खोक्यात, स्क्रीन फुटलेलं. हे मात्र ओरखडाही नसलेलं होतं.

‘दादा, यातला माझा गेम गेलाय,’ ती म्हणाली. ‘अमळनेरला दोन ठिकाणी विचारलं, त्यांनी इकडे पाठवलं.’

पोरगा आजीच्या मागे सरकला. कुणी केलं ते विचारायची गरज उरली नाही.

‘सीडी तं घरमाच व्हती,’ आजी म्हणाल्या, ‘हाई देख, संगे लई ऊनू. मंग गेम कुठे गया?’

आजींचा प्रश्न अगदी बरोबर होता. पीएसपीचा गेम छोट्या चकतीवर येतो, प्लास्टिकच्या चौकटीत बसवलेल्या. तिला यूएमडी म्हणतात. चकती कारखान्यात छापली जाते, त्यानंतर तिच्यावर काही लिहिता येत नाही. तुम्ही कुठवर पोचलात, काय जिंकलंत, हे सगळं जातं डाव्या कुशीत खोचलेल्या मेमरी स्टिक नावाच्या कार्डावर. म्हणजे चकती जागेवर असते आणि खेळणाऱ्याची वर्षं दुसरीकडेच साठत असतात. आजींना मी हे सांगितलं. त्यांनी चकती पुन्हा पिशवीत टाकली आणि खुर्ची ओढून बसल्या.

गेम होता ग्रॅन टुरिस्मो, २००९ चा. आठशेच्या वर गाड्या आहेत त्यात. शर्यती जिंकून पैसे मिळवायचे आणि गाड्या घ्यायच्या. पण सगळ्या कंपन्या एकदम समोर येत नाहीत. एका वेळी मोजक्यांचीच शोरूम उघडी, आणि तीही बदलत राहतात. एखादी गाडी हवी असेल तर तिची पाळी येईपर्यंत खेळत राहायचं. बाई पुण्याला इंजिनिअरिंगला होत्या तेव्हा होस्टेलवर या गाड्या जमवायचं वेडच लागलं होतं. लग्न होऊन सुरतेला गेल्या, यंत्र माहेरच्या कपाटात राहिलं. दर आखाजीला आणि दिवाळीला आल्या की थोडं खेळायच्या. या वेळी उघडलं तर गॅरेज रिकामं.

‘गेलं तर जाऊ द्या, लहान आहे तो,’ असं त्या मला सांगत होत्या, आणि दुसऱ्या दमात, ‘फेरारी एन्झो होती हो माझ्याकडे.’

मी पोराला काउंटरच्या आत बोलावलं. अशा वेळी मोठ्यांना विचारून काही कळत नाही. त्याने न अडखळता सांगितलं. त्याला पहिल्यापासून खेळायचं होतं. शाळेतल्या मित्राच्या दादाने सांगितलं की गेमच्या रकान्यात ‘सेव्ह्ड डेटा युटिलिटी’मध्ये जा, ट्रायंगल दाब, डिलीट कर. यंत्राने एकदा खरंच पुसू का म्हणून विचारलं. हा हो म्हणाला.

‘मग खेळलास?’

‘हो.’

‘सेव्ह केलास?’

‘रोज.’

इथे माझा चेहरा पडला असावा, कारण आत्याबाईंनी लगेच विचारलं, ‘म्हणजे गेलंच का?’

कार्डावर फाइल पुसणं म्हणजे सातबाऱ्यावरचं नाव खोडणं. शेत तिथेच असतं, पीकही उभं असतं, कागदावर मात्र जमीन मोकळी दिसते. दुसऱ्या कुणी येऊन तिथे नांगर घातला की मग खरं गेलं. पोराने रोज सेव्ह करून नेमका तोच नांगर चालवला होता. प्रश्न एवढाच की तो आत्याच्या बांधात शिरला की बाजूच्या पडीक तुकड्यात. नवी फाइल कुठे लिहायची हे यंत्र ठरवतं. काही यंत्रं पहिली मोकळी जागा दिसली की ती घेतात, काही पुढे पुढे सरकत जातात.

आधी मागचं झाकण उघडलं तर बॅटरी फुगून पोटुशी झालेली. या यंत्राचं ते ठरलेलं दुखणं, त्यात कपाटात वर्षानुवर्षं पडून आणि वर आमचा एप्रिल. बॅटरी काढून बाजूला ठेवली. पीएसपी नुसत्या चार्जरवरही चालतं, पाच व्होल्ट लागतात. पण ते चालू करायचंच नव्हतं. चालू केलं, चुकून काही लिहिलं गेलं तर उरलंसुरलंही जायचं. कार्ड काढलं आणि मग रीडर शोधायची कसरत. मेमरी स्टिक हा सोनीचा खास प्रकार, आताच्या रीडरमध्ये त्याचं भोकच नसतं. लग्नाच्या कॅमेऱ्यांच्या जमान्यातला एक जुना रीडर खालच्या ड्रॉवरमध्ये सापडला, वायरींच्या गुंत्यात.

पहिलं काम म्हणजे कार्डाची जशीच्या तशी नक्कल, मोकळ्या दिसणाऱ्या जागेसकट. मग कार्ड बाजूला ठेवायचं आणि जी चिरफाड करायची ती नकलेवर. आमच्यातले बरेच जण ही पायरी गाळतात, सरळ कार्डावरच रिकव्हरी चालवतात आणि परत आणलेल्या फाइलीही त्याच कार्डावर टाकतात. दोष मग कार्डाला. मला ते बघवत नाही.

नक्कल होईस्तोवर आजींनी पिशवीतून सांजोरी काढून माझ्या हातावर ठेवली. आखाजीच्या आधीच कशा काय केल्या विचारलं, तर म्हणाल्या, लेक आलीय ना.

टेस्टडिस्क नावाचं एक फुकट सॉफ्टवेअर आहे, दिसायला अगदी रुक्ष, काळ्या पडद्यावर अक्षरं. त्यात पुसलेल्या फाइली लाल रंगात येतात. या कार्डाच्या पद्धतीत फाइल पुसली की तिच्या नावाचं पहिलं अक्षर जातं आणि त्या जागी पुसल्याची खूण बसते. बाकी नाव, किती मोठी, कुठून सुरू, हे तसंच राहतं. पण मला लाल काही दिसेना. कारण सरळ होतं. सेव्हच्या फोल्डरचं नाव गेमच्या क्रमांकावरून ठरतं. पोराने तोच गेम खेळून सेव्ह केला, त्याच नावाचा नवा फोल्डर झाला आणि जुन्याच्या नोंदीवर बसला. वरच्या दप्तरात आत्याचं नावच राहिलं नव्हतं.

मग हेक्स एडिटर उघडला. म्हणजे कार्डावरचा एकेक बाइट नुसत्या आकड्यांत बघायचा. प्रत्येक फोल्डरच्या आतल्या पानाची सुरुवात ठरलेली असते, आधी एक टिंब, मग दोन टिंबं. वरचं दप्तर जळालं तरी आतलं पान कुठेतरी पडलेलं असू शकतं. ती टिंबं आणि ‘परॅम’ या फाइलचं पहिलं अक्षर तुटलेलं नाव, असं शोधायला लावलं. पीएसपीच्या प्रत्येक सेव्हमध्ये ही फाइल असतेच.

एक पान सापडलं. आत परॅम, चित्राची फाइल, मुख्य डेटा, सगळ्यांची पहिली अक्षरं उडालेली. बाई काउंटरवर वाकून बघत होत्या. त्यांना त्या आकड्यांतलं काय कळत होतं कुणास ठाऊक, पण श्वास रोखलेला होता. फाइली लहान होत्या, सलग लिहिलेल्या असतील असं धरून बाहेर काढल्या, अक्षरं जोडली, माझ्याकडच्या दुसऱ्या कार्डावर टाकल्या, पीएसपी चार्जरवर चालू केलं.

‘करप्टेड डेटा.’

पीएसपीचा सेव्ह कुलूपबंद असतो, आणि परॅममध्ये त्याच्या खुणा घेतलेल्या असतात. एक बाइट इकडचा तिकडे झाला तरी यंत्र अख्खा सेव्ह नाकारतं. फोटो अर्धा आला तरी अर्धा चेहरा दिसतो. इथे तसं नाही. पोराच्या रोजच्या सेव्हने मुख्य फाइलच्या शेपटाचा एक तुकडा खाल्ला होता.

मी तसं सांगितलं. पोरगा रडायला लागला, आणि मजा म्हणजे आत्या त्याला समजवायला लागल्या. आजी मात्र माझ्याकडे बघून म्हणाल्या, ‘आखो देख ना भाऊ.’

शोध पूर्ण झालाच नव्हता, पहिलं पान सापडल्यावर मीच थांबवला होता. पुढे चालू केला. कार्डाच्या बऱ्याच पुढच्या भागात तसंच दुसरं पान. मी बाईंना विचारलं, याआधी कधी सेव्ह पुसला होता का? त्यांना आठवेना. मग एकदम आठवलं. होस्टेलवर एकदा गाणी भरायला जागा करायची होती, तेव्हा सगळं लॅपटॉपवर घेतलं, कार्ड रिकामं केलं आणि नंतर परत टाकलं होतं. त्या वेळी पुसलेली जुनी प्रत इतकी वर्षं तशीच पडून होती. तिच्यावर कुणाचा नांगर गेला नव्हता.

ती उघडली. गॅरेजची यादी आली. बाईंनी यंत्र माझ्या हातातून घेतलं, विचारलंही नाही. भराभर खाली जात होत्या, मधेच ‘ही! ही अजून आहे!’ असं ओरडत होत्या. शेजारच्या दुकानातली दोन पोरं बघायला आली. मग यादी संपली.

‘एन्झो नाही यात.’

‘ताई, ही आधीची प्रत आहे. एन्झो त्यानंतर घेतली असेल.’

‘शेवटच्या वर्षाला घेतली होती,’ त्या म्हणाल्या. जरा वेळ गप्प बसल्या. मग म्हणाल्या, ‘हे टाका कार्डावर. हेच चालेल.’

खरा तिढा इथे आला. फोल्डरचं नाव एकच. आत्याचा जुना सेव्ह मूळ कार्डावर टाकायचा तर पोराचा नवा पुसावा लागणार. मी हे मोठ्याने बोललो आणि पोराचं रडणं थांबलं, त्याच्या जागी राग आला. ‘माझ्यापण गाड्या आहेत त्यात!’

‘माझ्या पुसल्यास तेव्हा?’

‘मला माहीत नव्हतं. तुला माहीतंय.’

याला तोड नव्हती. आत्याबाईंनाही सुचलं नाही. इंजिनिअर बाई, सुरतेत टेक्सटाइलच्या कंपनीत नोकरी, आणि दहा वर्षांच्या भाच्याशी खेळातल्या गाड्यांवरून अशी तावातावाने भांडत होती की मला दुकानाचं शटर अर्धं ओढावंसं वाटलं. आजींनी कुणाचीच बाजू घेतली नाही. पत्त्यांच्या डावात बसलेल्या माणसासारख्या त्या दोघांकडे आळीपाळीने बघत होत्या.

हल्लीच्या यंत्रांत हा प्रश्न येत नाही. निन्टेन्डो स्विच घ्या. त्यात सेव्ह यंत्राच्या पोटात असतो, आणि माणसागणिक वेगळा. घरात नवा खेळाडू आला की नवा युजर उघडायचा, जुन्याचं काही पुसावं लागत नाही. पुण्या-मुंबईहून आलेल्या पोरांच्या हातात आता तेच दिसतं, आणि ‘पहिल्यापासून खेळायचंय’ म्हणून डिलीट शोधणाऱ्या आईबापांना मी हेच सांगतो, आधी युजर वाढवा. पीएसपीला माणूस कळत नाही, त्याला फक्त कार्ड कळतं. जे कार्ड आत, त्याचा खेळ.

पण मग उपायही त्यातच होता. एक अडॅप्टर मिळतो, मेमरी स्टिकच्या आकाराचा, त्यात साधं मायक्रो एसडी बसतं. ग्रे मार्केटचा माल, पण चालतो. माझ्याकडे एक पडलेला होता. त्यात कार्ड घातलं, पीएसपीवरच फॉरमॅट केलं आणि आत्याचा सेव्ह त्यावर टाकला. मूळ कार्ड पोराचं. दोन्हींवर पांढरी पट्टी चिकटवली, नावं लिहिली. आत्याच्या सेव्हची एक प्रत पेनड्राइव्हवरही दिली आणि वर्षाला एकदा नवी प्रत करून ठेवा म्हणालो. मान हलवली त्यांनी. करतील असं वाटत नाही, कुणीच करत नाही.

वेळेचे, अडॅप्टरचे आणि पेनड्राइव्हचे पैसे सांगितले. आजींनी शंभर कमी केले, सांजोरी खाल्ल्यावर मला वाद घालता येईना. फुगलेली बॅटरी मी ठेवून घेतली. नवी मागवावी लागणार होती, तोवर चार्जर लावूनच खेळा म्हटलं.

‘लाइट गेल्यावर?’ पोराने विचारलं.

‘लाइट गेल्यावर पत्ते खेळ.’

निघताना आत्याबाई परत फिरल्या. ‘दादा, दोघांनी एकमेकांना गाड्या देता येतात ना यात? होस्टेलवर आम्ही द्यायचो.’

‘येतात. पण त्याला दोन पीएसपी लागतात, समोरासमोर.’

पोराने आजीकडे बघितलं. आजींनी पिशवी खांद्याला लावली. ‘चला आते, गाडी निंघी जाई.’