पिठल्याचं पथ्यपाणी

पालीला पौष्टिक खायला घालायचं असेल तर आधी अळीला पौष्टिक खायला घालावं लागतं, आणि हे एकदा घरात मान्य झालं की स्वयंपाकघर नक्की कुणाचं हा प्रश्न उरत नाही. आमचं आता बऱ्यापैकी अळ्यांचं आहे.

पिठलं ही आमच्या लेकीची पाल. लेपर्ड गेको. पिवळं अंग, वर काळे ठिपके, जाडजूड शेपूट आणि चेहऱ्यावर कायम कुणीतरी नुकताच विनोद सांगितल्यासारखं हसू. लेकीने बारावीनंतर हट्ट करून आणलं, तेव्हा सासूबाईंनी एकच प्रश्न विचारला, भिंतीवर चढते का? नाही चढत. आपल्या घरातल्या पालीच्या बोटांना चिकटणाऱ्या गाद्या असतात, याला नुसत्या नख्या, काचेच्या टाकीतून बाहेर यायची सोयच नाही. शिवाय याला पापण्या आहेत, चक्क डोळे मिटून झोपतं, भिंतीवरच्या पालीला ते जमत नाही. मूळचे हे अफगाणिस्तान-पाकिस्तानकडच्या कोरड्या, खडकाळ मुलखातले, पण आमचं कुठल्यातरी ब्रीडरकडे जन्मलेलं, त्याला ना खडक माहीत ना वाळवंट, त्याला फक्त ठाण्यातलं वसंत विहार माहीत. नीट सांभाळलं तर पंधरा-वीस वर्षं जगतं. हे ऐकल्यावर सासूबाई म्हणाल्या, म्हणजे ही सासरी जाईल आणि हे माझ्या गळ्यात.

तर खाणं. पिठलं फक्त किडे खातं, तेही जिवंत, वळवळणारे. भाजी नाही, फळ नाही. सासूबाईंनी सुरुवातीला केळ्याचा तुकडा ठेवून बघितला होता, त्याच्यावरून ते चालत गेलं. ऑस्ट्रेलियातला बिअर्डेड ड्रॅगन नावाचा सरडा तरी मोठेपणी पालाबिला खातो, पण हे पक्कं कीटकाहारी. ऐकायला सोपं वाटतं, किडे काय कुठेही मिळतात. गोम अशी की दुकानात मिळणाऱ्या बहुतेक किड्यांमध्ये फॉस्फरस भरपूर आणि कॅल्शियम नावाला, आणि पालीला पाहिजे नेमकं उलटं, म्हणजे कॅल्शियम फॉस्फरसच्या दीड ते दोनपट. ते मिळालं नाही की शरीर स्वतःच्या हाडांतूनच कॅल्शियम ओढायला लागतं. मग जबडा रबरासारखा मऊ होतो, पाय वाकतात, पोट जमिनीवर घासत चालतात. लेकीने मला असे फोटो दाखवले आणि त्या दिवसापासून घरातल्या पथ्याची जबाबदारी, नेहमीप्रमाणे, कुणीही न देता माझ्याकडे आली.

उपाय दोन आहेत. किड्याला कॅल्शियमच्या भुकटीत घोळवायचं हा एक. आणि दुसरा, जो मला जास्त आवडतो कारण त्यात स्वयंपाक आहे, तो म्हणजे पालीच्या तोंडी जाण्याच्या आधी एक-दोन दिवस किड्यालाच चांगलंचुंगलं खायला घालायचं. याला गट लोडिंग म्हणतात. किड्याचं पोट भरलेलं असेल तर पालीला किड्याबरोबर त्याचं जेवणही मिळतं. म्हणजे टिफिनच, फक्त डबा पण खायचा.

आमचा मुख्य पुरवठा मीलवर्मचा. या अळ्यांना राहायला आणि खायला गव्हाचा कोंडा लागतो, तो मी आमच्या पिठाच्या गिरणीतून आणते, गिरणीवाल्याला वाटतं माझं पोट साफ होत नाही, मी त्याचा गैरसमज दूर केलेला नाही. ओलाव्यासाठी गाजराचे काप. पाण्याची वाटी ठेवायची नाही, बुडून मरतात. आणि यातली खरी गंमत अशी की ज्या बाईने आयुष्यभर तांदळाला एरंडेल चोळलं, गव्हात कडुलिंबाचा पाला घातला, सोंडे झाले म्हणून मे महिन्याच्या उन्हात गच्चीवर धान्य पसरलं, तिच्याच घरात आता कोंडा विकत आणून त्यात किडे वाढवले जातात. मीलवर्म ही शेवटी एका काळ्या भुंग्याची अळी, आणि आपल्या पिठात होणारे ते बारीक तांबडे किडे याच कुळातले. सासूबाईंना हे सांगितलं तेव्हा त्या डब्याकडे बराच वेळ बघत राहिल्या. मग म्हणाल्या, गाजर जरा बारीक चिर, त्यांना जड जात असेल.

डबा फ्रीजमध्ये असतो, दह्याच्या शेजारी, वर लेकीने मोठ्या अक्षरात लिहिलंय 'उघडू नये'. थंडीत अळ्या सुस्त होतात आणि भुंगा व्हायचं पुढे ढकलतात, द्यायच्या आधी एक दिवस बाहेर काढून खायला घालायचं, की झालं. सुपरवर्म मात्र फ्रीजमध्ये ठेवायचे नाहीत, दिसायला मीलवर्मचेच मोठे भाऊ पण गारठ्यात मरून जातात.

पालेभाजीचंही शास्त्र आहे. माझा पहिला हात पालकाकडे गेला, पौष्टिक म्हटलं की आपल्याला पालकच आठवतो ना, पण पालकातलं ऑक्झलेट कॅल्शियमला धरून ठेवतं, अंगी लागू देत नाही. त्यापेक्षा शेवग्याचा पाला, त्यात कॅल्शियम चांगलं असतं. जांभळी नाक्याला शेवग्याचा पाला मिळाला की मी मोठी जुडी घेते, मूठभर अळ्यांना आणि उरलेल्याची आमची मुगाची डाळ घालून भाजी, असा क्रम आहे. नवऱ्याने एकदा विचारलं, हे उरलेलं आहे का? म्हटलं अहो, ताजंच आहे, फक्त त्यांनी आधी घेतलंय.

भुकटीवरून घरात सगळ्यात जास्त चर्चा झाली. सासूबाई म्हणाल्या त्यात काय, चुना लाव हरभऱ्याएवढा, आमच्याकडे बाळंतिणीला द्यायचे. लेक जवळजवळ किंचाळली. खायचा चुना म्हणजे कॅल्शियम हायड्रॉक्साइड, तो भाजतो, आपण पानात काताबरोबर खातो ते वेगळं, इवल्याशा जिवाच्या तोंडात कोरडा गेला तर सालपटच निघेल. लागतं ते कॅल्शियम कार्बोनेट. मग सासूबाईंनीच समुद्रफेन काढलं. माकूळसारख्या प्राण्याच्या अंगातलं ते पांढरं हलकं कवच, काष्ठौषधीच्या दुकानात मिळतं, पक्षीवाले पिंजऱ्यात लावतात. ते खरंच जवळजवळ सगळं कॅल्शियम कार्बोनेटच असतं. आजीला पूर्ण मार्क द्यावे लागले. तरी व्हिटॅमिन डी३ लागतंच, कारण हे ध्यान उन्हात येत नाही, संध्याकाळ झाली की बाहेर पडतं, आणि डी३ शिवाय आतड्यातून कॅल्शियम नीट शोषलं जात नाही. म्हणून डी३ वाली डबी वेगळी, ती मोजूनमापून, जास्त झालं तर तेही बाधतं. योगायोग म्हणजे सासूबाईंनाही डॉक्टरांनी कॅल्शियम आणि डी३ च लिहून दिलंय. दोघांच्या डब्या एकाच फळीवर. पिठलं कधी विसरत नाही, यांना रोज आठवण करावी लागते.

रातकिड्यांबद्दल मी फार बोलणार नाही. अळ्या चरबीच्या, म्हणून आलटून पालटून रातकिडे द्यावेत, हे मला पटतं. पण त्यातला एक सुटला आणि फ्रीजच्या मागे जाऊन बसला, आणि नर होता, म्हणजे गाणारा. रात्री अडीचला नवरा टॉर्च घेऊन ओणवा, जवळ गेलं की हा गप्प, पाठ फिरवली की परत सुरू, आणि बेडरूममधून सासूबाई, अगं काहीतरी वाजतंय बघ, गिझर चालू राहिलाय का. शिवाय रातकिडे रात्रभर टाकीत सोडायचेही नसतात, खाल्ले नाहीत तर तेच पालीला कुरतडतात. तर रातकिडे लेकीच्या खात्यात. विषय संपला.

येणारे-जाणारे विचारतात, एवढं कशाला, खिडकी उघडा की. येऊरचं जंगल मागे, पहिला पाऊस झाला की ट्यूबलाइटखाली पंखवाल्या वाळवीचा सडा असतो. पण सोसायटीत धुराची फवारणी होते, कुठला किडा कशातून आलाय काय सांगता येतं? वर त्यांच्या अंगातले जंत वेगळे. आणि काजवा तर चुकूनही नाही, अमेरिकेतल्या काही काजव्यांमध्ये असं विष असतं की एकदोन खाऊन पाळलेले ड्रॅगन मेलेत. एक काका म्हणाले होते, गावाकडून घोरपडीचं पिल्लू आणून देऊ का, यापेक्षा मजबूत असते. काका, घोरपड १९७२ च्या वन्यजीव कायद्यात पहिल्या अनुसूचीत आहे, पिल्लू बघायच्या आधी तुम्हालाच आत बघायला यावं लागेल.

ट्यूबमागची आमची दुसरी पाल मात्र या सगळ्याकडे ढुंकून बघत नाही. तिला कुणी भुकटी लावून देत नाही. अंडी घालायच्या दिवसांत तिच्या मानेला दोन्ही बाजूंनी पांढरट फुगे दिसतात, तो कॅल्शियमचा साठा, अंड्याच्या कडक कवचासाठी जमवलेला. हरतऱ्हेचे किडे खाते, अख्खा पावसाळा तिचा आहे. पिठल्याच्या टाकीत चारच पदार्थ फिरून फिरून येतात म्हणून आम्हाला एवढा जमाखर्च मांडावा लागतो.

पण मला सगळ्यात कठीण काय जातं सांगू, तर कमी वाढणं. मोठ्या लेपर्ड गेकोला रोज खायला लागत नाही, दोन-तीन दिवसांनी एकदा पुरतं, किडा त्याच्या दोन डोळ्यांमधल्या अंतरापेक्षा मोठा नको, बस. आमच्या घरात पाहुण्याच्या पानात तिसरी पोळी पडल्याशिवाय जेवण झालं असं कुणी मानत नाही, आणि इथे पिठलं काचेला नाक लावून बघतंय आणि आपण म्हणायचं, परवा. वॅक्सवर्म नावाची अळी तर चरबीचा नुसता गोळा, महिन्यातून एखाददुसरा ठीक, पण एकदा चव लागली की मग साधं खायला नकार. सासूबाई लपूनछपून देतात असा मला संशय आहे. शेपटीवरून कळतं, चरबी तिथेच साठते, थोडी जाड असली की तब्येत बरी, पण मानेपेक्षा रुंद व्हायला लागली की समजायचं कुणीतरी लाड करतंय. डिसेंबरात गारठा पडला की ते स्वतःहून खाणं कमी करतं, पोटाखाली ऊब नसेल तर पचतच नाही म्हणून टाकीखाली हीट मॅट आहे, कात टाकायच्या आधीही जेवत नाही आणि टाकल्यावर ती कातच खाऊन टाकतं. तेव्हा सासूबाई बेचैन. दृष्ट काढू का, इथपर्यंत.

शेवटी लेकीने नियम केला, शनिवारी वजन. स्वयंपाकाच्या काट्यावर, वर प्लास्टिकचा डबा ठेवून. काट्यावर पिठलं बसलं की तिघी वाकून आकडा बघतो. गेल्या वेळी साठ ग्रॅमच्या थोडं वर होतं आणि सासूबाई एकदम म्हणाल्या, मी काही दिलेलं नाही हां. कुणी विचारलंच नव्हतं.