जपी ग्यात का?

1996 ते 2003, दर शनिवारी रात्री साडेअकराला मी अमळनेरच्या केबल चॅनलवर हा प्रश्न विचारायचो. ‘जपी ग्यात का, भो?’ अहिराणी न कळणाऱ्यांसाठी सांगतो, झोपलात का?

दिवसा मी त्याच केबलचा वायरमन. खांबावर चढायचं, अँप्लिफायर बदलायचा, वाऱ्यानं तुटलेली वायर जोडायची. रात्री केबलच्या मालकांच्या, म्हणजे शेठच्या, गच्चीवरच्या पत्र्याच्या खोलीत काळी घोंगडी पांघरून, कंदील घेऊन, लग्नाच्या शूटिंगच्या कॅमेऱ्यासमोर बसायचं. चित्र केबलवर सोडणाऱ्या मॉड्युलेटरला कॅमेऱ्याची पिन लावली की मी लोकांच्या घरात, व्हीसीआरची लावली की सिनेमा.

शेठकडे भुताच्या कॅसेटी मोजून बावीस. तोच सिनेमा तिसऱ्यांदा लागला की लोक टीव्ही बंद करायचे. शेठ म्हणाले, ‘मधे मधे तू काहीतरी बोल.’ तिथून सुरुवात झाली.

रामसे बंधूंचे सिनेमे मी सर्वांत मन लावून दाखवायचो. ‘पुराना मंदिर’ 1984 चा. त्याची नावं पडद्यावर आली की मी सांगायचो, बघा, दिग्दर्शन तुलसी आणि श्याम यांचं, कॅमेरा गंगूचा, आवाज किरणचा. हे सख्खे भाऊ. दाराची कुरकुर ऐकू आली की किरणची आठवण काढा. पोरांची भीती त्यानं कमी व्हायची, आणि सिनेमाही नीट बघितला जायचा.

शनिवारी दुपारी मी तो सिनेमा एकदा एकट्यानं बघून घ्यायचो, वही घेऊन. व्हीसीआरच्या काउंटरवरचा आकडा आणि पुढे काय होतं ते लिहायचं. रात्री त्यावरून सांगायचो, ‘बारा मिनिटांनी विहिरीतून हात येणार आहे. घरात लहान पोर जागं असेल तर तेव्हा त्याला पाणी पाजायला आत न्या.’ शेठना हे कधीच पटलं नाही. गंमत जाते म्हणायचे. मी ऐकलं नाही, आणि आजही ऐकणार नाही. रात्री बाराला आमचं चॅनल कोण बघत होतं ते मला माहीत होतं. कापसाच्या जिनिंगमधून पाळी संपवून आलेले, बाळ झोपू देत नाही म्हणून बसलेल्या बाळंतिणी, नवरा सुरतेला कामाला गेलेल्या बाया. त्यांना दचकवायला काय लागतं? मांजरानं उडी मारली तरी पुरे.

सुरतेला नवरा असलेल्या एक वहिनी दर शनिवारी खालच्या दुकानातल्या फोनवर विचारायच्या, ‘भाऊ, कितीला संपेल?’ मी मिनिटासकट सांगायचो. सिनेमानंतर चॅनल लगेच बंद करायचं नाही, एक अभंग लावायचा, हा नेम त्यांच्यामुळे पडला.

2003 मध्ये शेठनी नेटवर्क विकलं. नव्या मालकांनी त्या चॅनलवर गाणी लावली. मी वायरमन म्हणून राहिलो.

असं काम करणारे जगात आणखी होते हे मला मुलीनं मोबाइल घेऊन दिल्यावर कळलं. अमेरिकेत लॉस एंजेलिसच्या एका स्थानिक टीव्ही स्टेशनवर 1954 मध्ये मायला नुर्मी काळ्या पोशाखात ‘व्हॅम्पायरा’ होऊन रात्री भुताचे सिनेमे दाखवायची. 1957 मध्ये युनिव्हर्सल या सिनेमा कंपनीच्या 52 जुन्या सिनेमांचा गठ्ठा गावोगावच्या स्टेशनांना विकला गेला, आणि स्टेशनांनी आपापला माणूस उभा केला. फिलाडेल्फियात जॉन झॅकर्ली होता. शिकागोत रिच कोझनं 1979 मध्ये हे काम हाती घेतलं, मधे खंड पडला तरी तो पुढे कित्येक वर्षं करत राहिला. जुने सिनेमे आणि त्यांना लागणारा एक बोलणारा माणूस. आमच्या शेठचीही गरज तीच होती. ते वाचून त्या रात्री मी बराच वेळ अंगणात बसून होतो.

व्हॅम्पायराचा कार्यक्रम थेट जायचा, त्यामुळे त्याचं चित्रण जवळपास उरलेलंच नाही. माझंही तेच झालं. एकच कॅसेट भरली होती, तिच्यावर पुतणीचं लग्न चढलं.

वही आहे. परवा माळ्यावरून काढली, कडा वाळवीनं खाल्ल्यात. एका पानावर असं आहे:

1847 दार.
1902 हात. आधी सांगणे.
2115 संपतो, 1.50 ला. सुरतवाल्या वहिनींना कळवणे.