पांगतीला जाताय? भाडं 'टॉवरपर्यंत' ठरवा

नागालँडच्या वोखा जिल्ह्यात पांगतीचे अमूर ससाणे बघायला जाणार असाल, तर दिमापूरला गाडी ठरवताना नुसतं 'दोयांग' (तिथलं धरण) म्हणू नका. 'पांगतीच्या टॉवरपर्यंत, पहाटे आणि दुपारी, दोन्ही वेळा' असं मेसेजवर लिहून घ्या; टॉवर म्हणजे पक्षी बघायचा मनोरा. आमच्या गाडीवाल्याने धरणाजवळ गाडी थांबवली आणि पुढच्या चढाचे साडेतीन हजार वेगळे मागितले. ऊन उतरायला लागलं होतं. घासाघीस करायला आमच्याकडे वेळ नाही, हे तो पक्कं ओळखून होता.

आणि तो चढ! आम्ही गेलो तेव्हा रस्ता असा नव्हताच, सुकलेल्या चिखलातल्या चाकोऱ्या आणि गुडघाभर धूळ. बोलेरोच हवी, छोटी कार तळ घासून अडकेल. मास्क ठेवा, कॅमेरा प्लास्टिकमध्ये गुंडाळा. कंबर दुखत असेल तर येऊच नका.

'दिवसभर आभाळ पक्ष्यांनी भरलेलं असतं' असं सांगतात, ती शुद्ध थाप. दिवसा पक्षी वाळवी आणि इतर किडे खात लांबवर पांगतात. थवे पाहायचे तर उजाडताना, नाहीतर परतताना. नोव्हेंबरात तिथे सूर्य साडेचारच्या सुमारास मावळतो, म्हणून तीनलाच टॉवरवर हवं. मात्र ते परतू लागले की सगळा राग उतरतो. एकावर दुर्बीण धरावी तर त्याच्यामागे आणखी शंभर, पुन्हा त्यांच्यामागे काळे ठिपकेच ठिपके.

2012 साली याच जागी मासेमारीची जाळी लावून एका हंगामात लाखाहून जास्त ससाणे मारल्याचा अंदाज होता. पुढच्याच वर्षी गावसभांनी शिकारीवर बंदी घातली आणि ती पाळली. त्याच 2013 मध्ये उपग्रह-टॅग (प्रवासाचा माग काढणारं छोटं यंत्र) लावलेल्या तीन पक्ष्यांची नावं होती नागा, वोखा आणि पांगती. दीडशे ग्रॅमच्या आसपासचा हा जीव इथून निघून भारत ओलांडतो आणि अरबी समुद्रावरून थेट आफ्रिका गाठतो.

जाळ्यांवर गावाची कमाई होती, ती लोकांनी सोडली. म्हणून भाव करायचा तो गाडीवाल्याशी. होमस्टेवाल्या मावशींशी शंभर-दोनशेसाठी हुज्जत घालू नका. वाटाड्या गावातलाच घ्या. दिमापूरहून सगळं पॅकेज घेतलंत तर गावाच्या हाती फार थोडं पडतं.

ऑक्टोबरअखेर ते नोव्हेंबरचा पहिला आठवडा धरा; महिना सरत आला की बहुतेक पक्षी गेलेले असतात. इनर लाइन परमिट (नागालँडमध्ये शिरायचा परवाना) ऑनलाइन काढा आणि छापील प्रती जवळ ठेवा. रविवारी प्रवास ठेवू नका, सगळं चर्चमध्ये असतं, गाडी मिळणं मुश्कील. ड्रोन घरी ठेवा. पाहिलेल्या पक्ष्यांच्या यादीत फक्त अमूर ससाण्यावर खूण करायची असेल तर एवढा खर्च कशाला? हिवाळ्याच्या सुरुवातीला लोणावळ्याच्या पठारांवर चकरा मारा, नशीब असेल तर तिथेही दिसतो.